दमधरेबाई

आमच्या गावच्या अंगणवाडीच्या बाई लहान मुलाला प्रश्न विचारत आणि मग गप्प बसत. आता यात काय मोठं, असं तुम्हाला वाटेल. एकदा करून बघा. तीन वर्षांच्या पोराला विचारा, काय खाल्लं रे आज, आणि तोंड मिटून बसा. पोर इकडं बघतं, तिकडं बघतं, बोट तोंडात घालतं, आणि तुमची जीभ वळवळायला लागते. 'भात खाल्ला ना? वरण-भात खाल्ला, हो ना?' झालं, पोरानं मान हलवली की आपण मोकळे. बाई मोकळ्या होत नसत. त्या मुलाच्या तोंडाकडे बघत राहत आणि त्यांच्या उजव्या हाताचा अंगठा त्याच हाताच्या बोटांच्या पेरांवरून सावकाश चालत असे. चार बोटं, बारा पेरं. करंगळीच्या तळापासून निघायचं आणि अंगठ्याजवळच्या बोटाच्या टोकाला पोचायचं. तोवर मध्ये कुणी तोंड घातलं, मग ती आई असो, आजी असो, नाही तर तपासणीला आलेल्या मोठ्या मॅडम असोत, बाई मान न वळवता म्हणत, "दम धरा."

हे 'दम धरा' बाई दिवसातून इतक्यांदा म्हणत की गावानं त्यांचं नावच दमधरेबाई करून टाकलं. खरं आडनाव हजेरीपटावर आणि मतदारयादीत तेवढं उरलं. पवनीहून नवीन आलेला सिलिंडरवाला एकदा "दमधरेबाईंचं घर कोणतं?" असं विचारत गावभर फिरला, तर त्याला कुणी हसलं नाही, सरळ घर दाखवलं. बाईंनीही दार उघडून "हो, मीच," म्हटलं आणि सही केली.

आता माझं सांगते, कारण माझ्याशिवाय ही गोष्ट पुढं जात नाही. माझं माहेर पवनीचं, घरात दोन माग. मागाच्या खटखटीत बोलायचं तर मोठ्यानं आणि भरभर बोलावं लागतं, नाही तर तुमचं बोलणं धोट्याबरोबर पलीकडं निघून जातं. ती सवय घेऊन मी आसगावला नांदायला आले. नवऱ्याचं कापडाचं दुकान. गिऱ्हाईक "ते हे, निळ्या काठाचं..." असं म्हणेपर्यंत मी लुगडं काढून, घडी मोडून, किंमत सांगून मोकळी झालेली असायची. समोरच्याचं वाक्य पुरं करून देणं हे मला उपकारासारखं वाटे. माझा नवरा म्हणायचा, "आपल्या घरात बोलायचं काम एकटीकडंच आहे, बाकी सगळे रिकामे."

भंडारा जिल्हा तुटून गोंदिया वेगळा झाला, त्यानंतर दोन-एक वर्षांनी माझी पिंकी जन्मली. पोर गोरीगोमटी, कान तर असे तल्लख की बिस्किटाचा पुडा आत फोडला तर बाहेरच्या अंगणातून धावत यायची. पण बोलायचं नाव नाही. दोन वर्षं झाली, अडीच झाली, तीन झाली. शेजारची पोरं मायबापाला शिव्या द्यायला लागली आणि आमची नुसती बोट दाखवी. सासूबाईंनी वेखंड उगाळून चाटवलं. कुणी म्हणालं, पोपटाचं उष्टं द्या. म्हणून मी रोज सकाळी वाडीतल्या पेरूखाली, आम्ही त्याला जाम म्हणतो, मान वर करून उभी राहायची. पोपटानं टोचलेला जाम खाली पडला की तो धुवायचाही नाही, तसाच पोरीच्या तोंडात. पोरगी जाम खायची आणि आणखी एक पाहिजे म्हणून झाडाकडं बोट दाखवायची. मी पाठ फिरवून डोळे पुसत असे. आपली लेक मुकी निघणार, हे मी मनातल्या मनात धरून चालले होते आणि तोंडानं मात्र सगळ्यांना सांगत होते, "बोलते न, घरी लय बोलते."

बाई पहिल्यांदा घरी आल्या तेव्हा मी त्यांना हेच सांगितलं. त्या ओसरीवर टेकल्या, पिंकीसमोर वाकल्या आणि म्हणाल्या, "नाव काय गं तुझं?"

"पिंकी," मी म्हटलं.

बाई माझ्याकडं वळल्या. "तुमाले विचारलं का मी?"

"नाई, पण ते..."

"दम धरा." पुन्हा पिंकीकडं. "काय खेळून राहिली तू?"

"भातुकली खेळून राहिली," मी. आता तोंडातून निघून गेलं त्याला मी काय करू!

बाईंनी वही मिटली. रागावल्या नाहीत. पण बोलल्या ते मी आजवर विसरले नाही. "अवो पिंकीची माय, लेकराच्या वाट्याचं बोलनं तुमीच खाऊन राहिल्या. मंग तिले काय उरन?"

त्या गेल्यावर मी अशी काही तणतणले की विचारू नका. "बाई आहे का हवालदार! माझ्या घरी येऊन मलेच सांगते!" सासूबाईंनाही निमित्त हवंच होतं. त्या अंगणवाडीतली खिचडी नातीनं खाल्लेली त्यांना चालणार नव्हती. का चालणार नव्हती ते त्यांनी सांगितलं नाही, मी विचारलं नाही. बाई विहाराजवळच्या वस्तीतल्या होत्या, एवढं आम्हा दोघींनाही माहीत होतं. आठवडाभर मी पिंकीला पाठवलं नाही. मग एका सकाळी पोपटानं एकही जाम टोचला नाही. मी झाडाखाली उभी राहून वाट बघतेय, आणि पिंकी माझा पदर ओढून अंगणवाडीच्या रस्त्याकडं बोट दाखवतेय. मला माझीच लाज वाटली. पदर खोचला आणि पोरीला घेऊन निघाले.

बाईंची शिकवायची तऱ्हा बघून पहिले दोन दिवस मला वाटलं, बाईंचं डोकं जागेवर नाही. त्या मुलाला चप्पल घालून द्यायच्या ती उलट्या पायात. खिचडी वाढताना एखाद्याच्या पुढं रिकामी ताटली ठेवून पुढं जायच्या. खडू मागितला तर हातात चमचा. आणि मग आपलं पेरं मोजणं सुरू. पोरं आधी रडकुंडीला यायची, मग हसायची, मग एखादं उसळून म्हणायचं, "अवो बाई, हे नाई!" मी म्हटलं, कायले छळता हो लेकराले? तर म्हणाल्या, "सारं न मांगता भेटून राहिलं त जीभ कायले हालन? भिंतीवरच्या चित्रातला हत्ती दाखवून हत्ती म्हन, हत्ती म्हन, केलं त हत्ती म्हनते. पन भूक लागली त हत्ती म्हनून काय कामाचं?"

त्यांचं दुसरं म्हणणं ढोलीचं. आमच्याकडं धान साठवायला बांबूची मोठी ढोली असते. वरून भरायची आणि खालच्या तोंडातून काढायची. बाई म्हणत, "लेकरू आधी भरून घेते. तुमाले वाटते ते चूप आहे, पन ते आयकून राहिलं, भरून राहिलं. ढोली भरली का खालचं तोंड उघडतेच. तुमी फक्त तोंडाशी उभ्या नोका राहू." भरायचं काम मात्र त्या मन लावून करायच्या. पोरानं वाटी उचलली की "वाटी उचलली माझ्या राजानं," सांडली की "सांडलं पानी, आता पुसू." जे चाललंय त्याच्याबद्दलच बोलायच्या, त्याच वेळी, आणि थोडं.

आणि मुलांच्या चुका तर त्या दागिन्यासारख्या जपत. बाजूच्या घरच्या पोराच्या कुत्र्याचं नाव मोती. तो गाईला मोती म्हणे, बकरीला मोती, पाटलाच्या बैलालाही मोती. त्याची आई त्याला दटावायला लागली तर बाईंनी तिला गप्प केलं. "त्यानं सोताच्या डोक्यानं कायदा केला न, का चार पायाचं ते मोती! कोनं शिकवलं होतं त्याले? कोनी नाई. उद्या एखादी बकरी शिंग दाखवन, मंग सोताच कायदा बदलवन." महिनाभरात बदललाही. बैल मात्र बरेच दिवस मोतीच राहिला.

बाईंनी मला घरचा अभ्यास दिला होता: पोरीनं बोट दाखवलं की बारा पेरं मोजायची, मगच हात हलवायचा. सोपं वाटतं ना? माय वो! पहिल्या दिवशी चौथ्या पेराला मी हरले. पिंकी डब्याकडं बोट दाखवून रडतेय, सासूबाई बाजूनं म्हणताहेत, "काय कसाई आहे ही बाई, देऊन टाक न पोरीले," आणि मी एका हातानं दुसरा हात धरून उभी. कधी सहाव्या पेराला सुटायची, कधी नवव्या. स्वयंपाकघरात जाऊन रडायची. कितीदा वाटलं की ज्या पोरीला बोलताच येत नाही तिला आपण उगाच उपाशी ठेवतोय. असे दोन महिने गेले.

मग एका दुपारी जेवताना मी तिच्यापुढं रिकामी ताटली ठेवली, बाईंसारखी. आणि मोजायला लागले. दहा झाले, अकरा झाले, बारा झाले. बाईंनी बाराच सांगितले होते, पण मी म्हटलं होऊ दे, पुन्हा करंगळीपासून. पिंकीनं ताटलीकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं, कपाळाला आठ्या घातल्या आणि म्हणाली,

"आई, भात दे न!"

एक शब्द नाही, तीन! वर तो 'न'! मी उठले, खरकट्या हातानं तशीच रस्त्यानं पळत सुटले, पदराचं भान नाही. बाईंच्या दारात जाऊन रडत रडत सांगितलं. बाईंचेही डोळे भरले. पण दुसऱ्याच क्षणी त्यांनी विचारलं, "मंग देल्ला का भात?"

भात द्यायचा राहिलाच होता. घरी परत आले तर पिंकी रिकामी ताटली बडवत सासूबाईंना तेच वाक्य ऐकवत होती, आणि सासूबाई भाताचं पातेलं मांडीवर घेऊन नुसत्या रडत होत्या. त्यानंतर त्यांनी खिचडीचा विषय काढला नाही. उलट ताक केलं की एक लोटा अंगणवाडीत जायला लागला.

पिंकी मोठ्या शाळेत गेली तरी माझं अंगणवाडीत जाणं सुटलं नाही. दुपारी दुकान बंद असलं की मी तिथं जाऊन बसे. बाईंची हजेरी ऐकायला मला फार आवडे. त्या नावं वाचत नसत, हजेरीपट नुसता मांडीवर असे. ठरलेल्या क्रमानं, ठरलेल्या चालीत नावं निघत, जणू ओवी म्हणताहेत, आणि मुलं "हजर बाई" म्हणून चाल पुढं ओढत. मी अजूनही लोकांची वाक्यं पुरी करायची आणि बाई मला चिडवायच्या, "पिंकी सुधरली, पिंकीची माय काई सुधरली नाई."

एका वर्षी अंगणवाडीत रंजू नावाची पोर होती. तळ्याच्या पाळीवरल्या ढिवरांच्या घरची, आईबाप मासोळी विकायला दिवसभर बाहेर. अडीच-तीन वर्षांची, मोठ्या डोळ्यांची, एक शब्द न बोलणारी. मी म्हटलं, आपल्या पिंकीसारखी दिसते. त्याच आठवड्यात बाईंच्या हातून दोनदा पातेल्याचं झाकण पडलं. एवढा आवाज झाला की सगळी पोरं दचकली, मीही दचकले. मनात म्हटलं, बाईंचं वय झालं, हातातून वस्तू सुटायला लागल्या. शुक्रवारी निघताना त्या म्हणाल्या, "सोमवारी भंडाऱ्याले जाऊन राहिली, काम आहे." काय काम, ते मी विचारायच्या आत त्यांची शेजारीण आली आणि मी तिच्याशी बोलत सुटले.

रविवारी सकाळी बाई अंगण झाडताना पडल्या. उजवा हात गेला, पाय गेला, तोंड वाकडं झालं. भंडाऱ्याच्या दवाखान्यात पंधरा दिवस राहून त्या घरी आल्या तेव्हा बोलणं गेलं होतं. डॉक्टरांनी मुलाला सांगितलं होतं, आईला सगळं कळतं, पण डोक्यातला शब्द तोंडापर्यंत येताना वाटेत अडकतो. हळूहळू येईल, नाही तर येणारही नाही. बाईंच्या तोंडून एकच शब्द निघे, "अवो." पाणी हवं तरी अवो, राग आला तरी अवो. ज्यांनी अर्ध्या गावाची जीभ सोडवली त्यांच्याच तोंडाला कुलूप लागलं. मला तर बघवेना.

आणि त्या काहीतरी सांगत होत्या. कोणी आलं की डावा हात कानाला लावायच्या, "अवो, अवो" करायच्या आणि रडायच्या. मुलगा बिचारा भला माणूस, आईच्या सेवेसाठी नोकरीवर सुट्टी टाकून आला होता. त्याला वाटलं, कान दुखतो. लसूण घालून तेल कोमट केलं आणि आईला कुशीवर करून दोन्ही कानांत सोडलं. बाईंनी डाव्या हातानं वाटी उडवून दिली. मग सुनेला वाटलं, कानातल्या सोन्याच्या कुड्या लेकीला द्या म्हणताहेत. लेकीला साकोलीहून बोलावलं. तिच्या हातात कुड्या ठेवल्या तर बाईंनी त्या परत फेकल्या आणि भिंतीकडं तोंड केलं. लेक रडायला लागली की माय माझ्यावर कायले रागावली. घर बाईंच्या प्रेमापोटी दिवसभर बोलत होतं, "चहा पायजे? पंखा लावू? कूस बदलवू?" आणि बाई घामाघूम होत होत्या.

मी काय वेगळं केलं? काही नाही. ताकाचा लोटा घेऊन गेले, उशाशी बसले आणि सुरू झाले. "बाई, कान दुखते का? ठनकते का? आयकू येत नाई का? कोनाले निरोप द्यायचा आहे का? पोराले? लेकीले? अंगनवाडीतल्या मॅडमले?" बाईंनी डोळे मिटले. वाटलं, झोपल्या. मग माझी नजर त्यांच्या डाव्या हाताकडं गेली. अंगठा करंगळीच्या तळाशी ठेवला होता आणि तो एकेक पेर वर सरकत होता.

इतकी वर्षं ज्या बाईंनी मला एकच गोष्ट शिकवली, त्यांच्या वाट्याचं बोलणं मी तिथं बसून खात होते! मी उठले आणि घरातल्या सगळ्यांना बाहेर जायला सांगितलं. "कोनी काई विचारू नोका. दम धरा," म्हटलं. मी म्हटलं, मी! बाईंचा मुलगा सगळ्यांना घेऊन बाहेर गेला.

मग आम्ही दोघीच. मी तोंड मिटलं आणि मोजायला लागले. बारा झाले, चोवीस झाले. बाईंच्या ओठांची धडपड चाललेली. "पाटी," असं काहीतरी निघालं. त्यांनी जोरानं मान हलवली, नाही. "गाय." पुन्हा नाही. आपण चुकीचं बोललो हे त्यांना कळत होतं, यातच मला धीर होता. पण त्या थकल्या. मीही थकले. काय करावं सुचेना, तेव्हा माझ्या तोंडून सवयीनं हजेरी निघाली. उगाच, त्यांना बरं वाटावं म्हणून, त्याच चालीवर. "अंकुश... वैशाली... छोटा सुरेश..." आणि पुढचं नाव मला आठवेना. मी अडकले.

"मंदा," बाई म्हणाल्या.

स्पष्ट. मंदा. आणि तिथून नळ सुटावा तशी नावं सुटली. प्रमोद, कल्पना, बाळू, अनिता... जी जीभ एका शब्दासाठी तडफडत होती ती जुन्या चालीवर धावत सुटली, शेवटच्या नावापर्यंत, आणि थांबली. बाईंनी डाव्या हातानं अंथरुणावर थाप मारली. त्यांना हवं ते नाव मागं राहून गेलं होतं, जीभ मध्ये थांबायला तयार नव्हती. मी त्यांचा हात हातात घेतला. म्हटलं, "बाई, पुन्हा घेऊ. सावकाश." दुसऱ्यांदा मी एकेका नावावर त्यांच्यासोबत चालले. अंकुश. वैशाली. छोटा सुरेश. मंदा. सोळा नावं झाली. सतराव्या नावाला त्यांनी माझा हात इतका जोरात दाबला की बांगडी पिचली.

"रंजू," बाई म्हणाल्या. आणि हात माझ्या हातातून सोडवून कानाला लावला. "का... का... कान."

तेव्हा कुठं माझ्या डोक्यात उजेड पडला. ते झाकण हातातून सुटलं नव्हतं. बाईंनी ते मुद्दाम, रंजूच्या पाठीमागं टाकलं होतं, दोनदा. सगळी पोरं दचकली होती. रंजू वळलीही नव्हती, आपली मातीत रेघा काढत बसली होती. सोमवारी बाई तिलाच घेऊन भंडाऱ्याला जाणार होत्या, तिच्या आईबापाला सांगायचं तेवढं राहिलं होतं. ज्या पोरीच्या ढोलीत वरून काही पडतच नव्हतं, तिच्यासमोर पेरं मोजत बसून काय होणार होतं? जगाला दम धरायला सांगणाऱ्या बाईंना या एका पोरीसाठी घाई होती, आणि नेमकी तेव्हाच त्यांची वाचा गेली होती. महिनाभर त्या दुसऱ्याच्या कानासाठी रडत होत्या आणि आम्ही त्यांच्या कानात लसणाचं तेल ओतत होतो.

दुसऱ्याच दिवशी मी रंजूला आणि तिच्या आईला घेऊन एसटीनं भंडाऱ्याला गेले. तपासण्या झाल्या, मग नागपूरला दोन खेपा झाल्या, अर्ज झाले. शेवटी रंजूच्या दोन्ही कानांना मशीन लागली. पहिल्यांदा मशीन सुरू केली तेव्हा तिच्या आईनं नुसतं "रंजू" म्हटलं आणि पोर रडायलाच लागली. घाबरली होती. आईही घाबरली. डॉक्टरीण म्हणाली, बरं झालं लवकर आणलं, आता घरात हिच्याशी भरपूर बोला. मी म्हटलं, त्याची काळजी नोका करू, ते माझ्याकडं लागलं. आयुष्यात पहिल्यांदा कुणीतरी मला जास्त बोलायला सांगितलं होतं.

बाईंचं बोलणं पूर्ण कधीच आलं नाही. तीस-चाळीस शब्द आले, त्यातले काही घरातल्यांची नावं, काही हजेरीतली. पण रोज दुपारी रंजू त्यांच्या खाटेवर जाऊन बसायची आणि दोघी मिळून हजेरी घ्यायच्या. एकीला शब्द सापडत नव्हते, दुसरीला ते नवे मिळत होते. बाई म्हणायच्या "मंदा," रंजू म्हणायची "मंआ." बाई सुधारत नसत. पेरं मोजत, डाव्या हातानं, आणि पुन्हा म्हणत, "मंदा." मी दारात उभी राहून ऐकायची आणि मध्ये बोलायची नाही. खरंच नाही.

पाच वर्षांनी बाई गेल्या. विहारात शोकसभा ठेवली होती. अंगणवाडीत बसून गेलेली पोरं, त्यांच्या आया, दुकानं बंद करून आलेले लोक, सगळं गाव. सासूबाई काठी टेकत आल्या आणि पहिल्या ओळीत बसल्या. बाईंचा मुलगा मला म्हणाला, "काकू, तुमी बोला. तुमाले बोलता येते." मी उठले. फोटोसमोर उभी राहिले. हार घातलेला, समोर मेणबत्ती. माझ्या तोंडाशी इतकं काही आलं होतं, आणि एक शब्द निघेना. ओठ हलताहेत, आवाज नाही. गावभर बडबडणारी मी, मुकी उभी.

लोक चुळबुळले. मागून कोणीतरी मदतीला आलं, "बाई लय चांगल्या होत्या, असं म्हनायचं आहे यायले..." आणखी एक बाई म्हणाली, "रडून राहिल्या त्या, बसू द्या त्यायले."

तेवढ्यात पहिल्या ओळीतून, सासूबाईंच्या शेजारून, रंजू उठली. आठ वर्षांची झाली होती, दोन्ही कानांत मशीन. मागं वळली आणि आपल्या जाडसर, जराशा ओढून धरलेल्या आवाजात सगळ्या गावाला म्हणाली,

"दम धरा!"

रंजूनं माझ्याकडं तोंड केलं, उजवा हात वर धरला आणि अंगठा करंगळीच्या तळाला लावला. बारा पेरं झाली. तिनं पुन्हा सुरुवातीपासून मोजायला घेतलं. कोणी काही बोललं नाही.

मग मी बोलले. काय बोलले, ते मला आठवत नाही. रंजूला सगळं आठवतं. तिला विचारलं तर ती सांगते, थांबत थांबत, एकेक शब्द शोधून, आणि मी ती सांगून होईपर्यंत तोंड मिटून बसते.